किसन वांढरेचा पायमोजा

आमच्या घरात फुटबॉलची मॅच कुणी कधी पाहिली नव्हती. ऐकायचे मात्र सगळे, आणि तेही बंगालीत. स्वारगेटच्या एसटी स्टँडमागे दोन खोल्यांच्या भाड्याच्या घरात आम्ही राहायचो. आई, बाबा, बाबांचे धाकटे भाऊ म्हणजे माझे दत्ताकाका, आणि मी. बाबा आणि काका दोघंही खडकीला एका कारखान्यात कामाला होते. आम्ही मूळचे वर्ध्याकडचे. पुण्यात येऊन बरीच वर्षं झाली तरी आई कोथिंबिरीला सांबारच म्हणायची, आणि कोपऱ्यावरचा भाजीवाला दर वेळी तितक्याच थंडपणे सांगायचा, "सांबार समोरच्या हॉटेलात मिळेल, ताई. इथे भाजी विकतो." आई घरी येऊन त्याच्या नावानं बोटं मोडायची आणि दुसऱ्या दिवशी जाऊन परत सांबारच मागायची. स्टँडवरून दिवसभर गाड्यांच्या घोषणा ऐकू यायच्या. सातारा, सांगली, भोर, वेल्हे. कुठली गाडी कुठल्या फलाटाला लागते हे मला पाढ्यांच्या आधी पाठ झालं होतं.

आमचा रेडिओ लाकडी पेटीचा, चांगला भरभक्कम होता. चालू केल्यावर आधी तो तापायचा, मग त्याचा हिरवा डोळा उघडायचा, आणि मग कुठे आवाज यायचा. एरियलची तांब्याची जाळीदार पट्टी खोलीच्या या भिंतीपासून त्या भिंतीपर्यंत ताणलेली होती आणि आई तिच्यावर धुतलेले रुमाल वाळत घालायची, यावरून मॅचच्या दिवशी हमखास भांडण व्हायचं. स्टेशन लावायचा अधिकार एकट्या काकांचा. आमच्याकडच्या स्टेशनांना क्रिकेट सोडून दुसरा खेळ ठाऊक नव्हता. पण काका तरुणपणी काही वर्षं कलकत्त्याला एका वर्कशॉपमध्ये होते आणि येताना बंगाली भाषा आणि फुटबॉलचं वेड एवढंच घेऊन आले होते. भारताच्या संघाची मॅच असली की कलकत्त्याचं स्टेशन तिचं धावतं वर्णन द्यायचं. ते शॉर्टवेव्हवर पकडायचं म्हणजे बटण केसभर इकडे, केसभर तिकडे. आवाज जवळ यायचा, मग कुणी विहिरीत उतरून बोलावं तसा लांब जायचा, आणि खालून एखादी रिक्षा गेली की नुसती खरखर. काका रेडिओच्या जाळीला जवळजवळ कान चिकटवून बसायचे आणि ऐकलेलं लगेच आमच्या तिकडच्या मराठीत सांगायचे. "येऊन राहिला, येऊन राहिला... दोघांना काढलं, बाप्पा... आता देते का नाही हा... मारला! गेला वरतून!" आई परातीत कणीक तिंबता तिंबता थांबायची. बाबा तोंडानं नुसतं "च्च" करायचे. मॅचच्या दिवशी गोळाभात ठरलेला असायचा. भातावर भरडलेल्या डाळीचे गोळे ठेवून वाफवायचे आणि वरून हिंगाची कडकडीत फोडणी. हाफ टाइमला ती फोडणी पडली नाही तर आपण हरतो अशी काकांची समजूत होती.

या सगळ्यात मी खिडकीखालच्या खाटेवर आडवी असायची. मी लहान असताना एका तापानंतर माझा डावा पाय लुळा पडला होता. हॉस्पिटलातल्या डॉक्टरांनी पट्ट्यांचा आणि लोखंडी सळ्यांचा कॅलिपर दिला होता आणि रोजचा व्यायाम सांगितला होता. घोट्याला वाळूची पिशवी बांधायची, गुडघा न वाकवता पाय वर उचलायचा आणि जमेल तितका वेळ अधांतरी धरायचा. हे रोज केलं तर एक दिवस कॅलिपर सुटेल, असं ते म्हणाले होते. पिशवी आईनं जुन्या गादीच्या कापडाची शिवली होती आणि ती खाटेशेजारच्या खिळ्याला टांगलेली असायची. मी तिच्याकडे बघून भोकाड पसरायची. मांडी भरून यायची, पोटरीत कळ यायची, आणि इतकं करून पाय दिसायला तसाच्या तसा. आईनं मारून पाहिलं, बाबांनी दटावून पाहिलं. मी पाय उचलत नव्हते.

आणि मग एका मॅचमध्ये किसन वांढरे आला. काका ऐकता ऐकता एकदम माझ्याकडे वळून म्हणाले, "सुमे, हा नवा पोट्टा पाहा. लेफ्ट आउटला, डाव्या कडेनं खेळून राहिला. किसन वांढरे. आपल्या वर्ध्याकडचा आहे." मी उठून बसले. हाफ टाइमला काकांनी त्याची सगळी कथा सांगितली. लहानपणी त्यालाही तसाच ताप आला होता. त्याचाही डावाच पाय गेला होता. त्याच्या आईनंही त्याला वाळूची पिशवी बांधली होती. आजही तो पाय उजव्यापेक्षा बारीक आहे, म्हणून लोकांना दिसू नये यासाठी डाव्या पायात दोन मोजे घालतो. आणि त्याच पायानं तो देशासाठी खेळतो. मी काकांना विचारलं, रेडिओवर त्याचं नाव का ऐकू येत नाही? काका म्हणाले, बंगाल्यांच्या घरात प्रत्येकाला एक लाडाचं नाव असतं, किसनलाही ते त्यांनी ठेवलेल्या लाडाच्या नावानं बोलावतात, आणि ते नावही काकांनी मला सांगितलं. खरंच, ते नाव रेडिओवर सारखं येत होतं. पेपरात त्याचा फोटो का नाही, हेही मी विचारलं. "पेपरवाल्यांना बॅटीशिवाय काही दिसते का?" काका म्हणाले. यावर बाबाही हसले. बाबा हसले हे मी विसरलेले नाही.

त्या दिवसापासून आमच्या घरात एक नियम झाला. किसनकडे बॉल आला की माझा पाय वर. त्याच्याकडून बॉल गेला की खाली. मॅच रोज नसायची, म्हणून ज्या दिवशी नसेल त्या दिवशी काका कामावरून आल्यावर हातपाय धुऊन माझ्या खाटेच्या कडेला बसायचे आणि मागची एखादी मॅच पुन्हा सांगायचे. "घेतला किसननं. निघाला. एकाला काढलं. उचल, सुमे, अजून आहे त्याच्याकडे. दुसरा आला अंगावर... सोडून नाही राहिला किसन... धर, धर..." पाय थरथरायचा, दातओठ खाऊन मी तो धरून ठेवायची, कारण मी पाय टाकला तर बॉल जाईल अशी माझी खात्री होती. आज विचार केला तर हसू येतं. इतका वेळ बॉल पायात ठेवून पळणाऱ्या माणसाला कुठल्याही संघानं पहिल्याच दिवशी हाकलून दिलं असतं. पण तेव्हा फुटबॉल म्हणजे हेच असं मला वाटायचं. शाळेत मीही डाव्या पायात दोन मोजे घालून जायला लागले. मुली चिडवायच्या, "सुमे, पायाला थंडी वाजते का गं?" मी म्हणायची, "माझ्यासारखा पाय असलेला माणूस भारताकडून खेळतो. तुझ्यासारख्या पायाचं कोण आहे?"

काही वर्षांनी कॅलिपर सुटला. मी लंगडत का होईना, पण आपली आपण चालायला लागले. सगळ्यांना आनंद झाला, आईनं देवापुढे साखर ठेवली. मी मात्र अजून थांबले नव्हते, कारण मला चालायचं नव्हतंच. मला पळायचं होतं. किसन पळत होता.

त्याच वर्षी थंडीत आमच्या शाळेत बातमी आली की भारताचा संघ पुण्यात येणार आहे. लष्कराच्या बाजूच्या एका मैदानावर त्यांचा सराव होणार होता आणि आमच्या पीटीच्या बाईंच्या ओळखीनं काही मुलींना तो बघायला नेणार होते. बाईंनी माझं नाव सगळ्यांत आधी घेतलं. घरी येऊन मी जेवताना हे सांगितलं. बाबांनी वरण वाढून घेतलं. काका म्हणाले, "पण किसन येते का नाही, सांगता येत नाही. त्याला मागच्या मॅचला लागलं ना." मी म्हटलं, लागलं असलं तरी बसलेला तर असेल. भेटेन. आई म्हणाली, एवढ्या लांब बसनं पाय दुखेल. मी म्हटलं, दुखू दे. मग मी आईला म्हटलं की मला त्याच्यासाठी लोकरीचा पायमोजा विणून दे, एकच, डाव्या पायाचा, जाड, म्हणजे त्याला दोन घालावे लागणार नाहीत.

आणि आईनं तो विणला. हे मला अजून नीट लिहवत नाही. रोज संध्याकाळी स्वयंपाक उरकून ती सुया घेऊन बसायची. निळी लोकर तिनं माझ्यासमोर निवडली. "पोटरी किती धरू?" असं तिनं काकांना विचारलं आणि काकांनी दोन्ही हातांच्या बोटांनी माप दाखवलं. टाचेपाशी टाके चुकले म्हणून तिनं एकदा सगळं उसवलं आणि परत घातलं. नसलेल्या माणसाच्या टाचेसाठी! मी तिच्या मांडीला टेकून बघत बसायची आणि ती अधूनमधून माझ्या केसांवरून हात फिरवायची. त्या वेळी मला वाटायचं, आपली आई जगात सगळ्यांत चांगली आहे.

मैदानावर आम्हाला कडेच्या बाकावर बसवलं. खेळाडू धावत होते, ओरडत होते, आणि पहिल्यांदाच मला फुटबॉल डोळ्यांनी दिसत होता. काकांच्या वर्णनापेक्षा तो कितीतरी भरभर चालत होता. कुणाकडेच बॉल क्षणभरही टिकत नव्हता. मी प्रत्येकाचे पाय बघत होते. सगळ्यांचे दोन्ही पाय सारखे जाड, सारख्या मोज्यांचे. सराव संपल्यावर बाई आम्हाला पुढे घेऊन गेल्या. एक उंच, सावळा खेळाडू पाणी पीत उभा होता. मी माझ्या शाळेतल्या हिंदीत विचारलं, "किसन वांढरे कहाँ हैं?"

"कौन?"

"किसन वांढरे. लेफ्ट आउट."

तो म्हणाला, "लेफ्ट आउट तो मैं हूँ, बेटी." मग त्यानं आपलं नाव सांगितलं. रेडिओवर मी इतकी वर्षं जे नाव ऐकत होते, ज्याला मी लाडाचं नाव समजत होते, ते त्याचं खरं आणि एकुलतं एक नाव होतं. त्यानं बाजूच्या दोघांना विचारलं. त्यांनीही माना हलवल्या. असं कुणी नाही, आधीही नव्हतं. मी हातातला मोजा घट्ट धरून म्हटलं, "जिनका बायाँ पाँव पतला है. बचपन में बुखार आया था." त्यानं माझ्या पायाकडे बघितलं. माणूस चांगला असावा, कारण त्याचा आवाज एकदम उतरला. पण तो खरं बोलणारा होता. "बेटी, वैसे पाँव से यहाँ तक कोई नहीं आ सकता," तो म्हणाला. बाईंनी माझ्या खांद्यावर हात ठेवला. मी तो झटकला.

बसनं स्वारगेटला उतरून मी घरी आले तेव्हा अंधार पडायचा होता. आत हिंगाचा वास सुटला होता. मॅच नसताना आईनं गोळाभात केला होता. बाबा पेपर धरून बसले होते, काका रेडिओजवळ. मी दारात उभी राहिले आणि वाट बघितली. एवढ्या वर्षांच्या किसनला मी भेटायला गेले होते, हातात मोजा होता, आणि तिघांपैकी कुणीही विचारलं नाही, भेटला का? तेव्हा मला कळलं की एकट्या काकांचं हे काम नव्हतं. मी मोजा आईच्या पुढ्यात ठेवला.

"काका, किसन वांढरे कोण आहे?"

काका बंद रेडिओचं बटण फिरवत राहिले. "सुमे, तू पाय उचलून नव्हती राहिली."

"कोण आहे तो?"

"कुणी नाही."

"आई, तुला माहीत होतं?"

"आधी जेव. गार होऊन राहिलं," आई म्हणाली. ती माझ्याकडे बघत नव्हती.

बाबांनी पेपर खाली केला. "पाय सुधरला का नाही? चालते का नाही आता? मग झालं. कायले कालवा करतं?"

मी जेवले नाही. रडलेही नाही, कारण रडले असते तर त्यांनी मला जवळ घेतलं असतं आणि ते मला नको होतं. मी माझ्या खाटेवर भिंतीकडे तोंड करून पडून राहिले. आज ही गोष्ट कुणाला सांगितली की ऐकणाऱ्याचे डोळे पाणावतात. माझी सून तर पहिल्यांदा ऐकून म्हणाली, "आई, हाऊ स्वीट! किती गोड होते तुमचे काका!" गोड गुळाला म्हणावं. मला फसवलं होतं. माझ्या आईनं, बापानं आणि काकांनी मिळून, जेवणाच्या पाटावर बसून मला वेड्यात काढलं होतं. खेळाडू नव्हता याचं दुःख मी एक वेळ पचवलं असतं. पण मी त्याच्या पायाच्या भरवशावर जगत होते. बारीक पायानं पळता येतं याचा माझ्याकडे जो एकच पुरावा होता तो काकांनी रेडिओपुढे बसून रचलेला होता. आणि बाकीची मॅच अगदी खरी असायची, हे त्याहून वाईट. गोल खरे, हार खरी, खरखरसुद्धा खरी, फक्त माझा माणूस खोटा. एकदा, एकदाच जर कुणी म्हटलं असतं, "सुमे, तुला पळता येणार नाही, पण हे केलंस तर आधाराशिवाय चालशील," तर मी केलं असतं. मी तेवढी शहाणी होते. पण मला विचारून बघावं असं घरातल्या तीन मोठ्या माणसांपैकी एकालाही वाटलं नाही.

पुढच्या मॅचला सगळे नेहमीसारखे बसले. हिरवा डोळा उघडला, कलकत्ता लागलं. काका सांगायला लागले, पण आवाजात दम नव्हता. "डावीकडून... डावीकडून घेऊन..." आणि ते थांबले. त्यांनी माझ्या पायाकडे बघितलं. मी खाटेवर ताठ बसले होते, दोन्ही तळपाय फरशीला टेकवून.

"कुणाकडे आहे बॉल, काका?" मी विचारलं.

रेडिओवर तेच नाव येत होतं. काकांनी ते नाव घेतलं, लाडाचं म्हणून नाही, ज्याचं होतं त्याचं म्हणून.

"आणि किसन?"

"सुमे..."

"किसन कुठे आहे? संघात नाही का आज?"

आई स्वयंपाकघरातून म्हणाली, "पुरे कर ना वं आता." काकांनी चष्मा काढून सदऱ्याला पुसला. "नाही," ते म्हणाले.

"कधीपासून?"

"पहिल्यापासून," काका म्हणाले आणि त्यांनी रेडिओ बंद केला. मॅचचं काय झालं ते आम्हाला दुसऱ्या दिवशी पेपरातल्या दोन ओळींवरून कळलं.

त्यानंतर मॅच असली की काका थोडा वेळ बटण फिरवायचे आणि म्हणायचे, "आज कलकत्ता लागून नाही राहिलं." लागायचं, मला माहीत होतं. वाळूची पिशवी मी खिळ्यावरून काढून खालच्या कुंडीत रिकामी केली. निळा मोजा आईनं उसवला आणि त्या लोकरीचे काठ माझ्या नव्या स्वेटरला लावले. ते स्वेटर मी कधी घातलं नाही. काका पुढे बरीच वर्षं जगले, माझ्या लग्नात माझा हात धरून त्यांनीच मला बोहल्यापर्यंत आणलं, म्हातारपणी त्यांना मी डबाही नेऊन द्यायची. पण तो विषय मी काढला नाही आणि त्यांनीही काढला नाही. मी त्यांना माफ केलं का, असं नात मला विचारते. नाही केलं. प्रेम केलं. ते वेगळं खातं आहे.

आता मी मुलाकडे वारज्याला असते. परवा संध्याकाळी नातीनं तिच्या फोनवर भारताची मॅच लावून दिली. मला आता बारीक पडद्यावरचं दिसत नाही, म्हणून म्हटलं, नुसता आवाज लाव. ती म्हणाली, "आजी, लँग्वेज कुठली हवी? हिंदी, इंग्लिश, बंगाली, मल्याळम, सगळं आहे." मी बंगाली म्हटलं. ती हसली, "तुला कळतं?" नाही कळत म्हटलं. तिनं फोन उशीला टेकवून ठेवला आणि ती तिच्या क्लासला गेली. खरखर नाही, लांब जाणं नाही, आवाज अगदी कानाशी. मला एक अक्षर कळत नव्हतं. पण एका क्षणी तो बोलणारा माणूस एकदम भराभर बोलायला लागला, आवाज चढत गेला, आणि पांघरुणाखाली माझा डावा पाय उचलला गेला. मी उचलला नाही. त्याचा तोच. गुडघा ताठ, टाच अधांतरी, मांडी थरथरत होती, तसा मी तो धरून राहिले. पुढे काय झालं, बॉल कुणाकडे गेला, काही कळेना. पाय खाली कधी ठेवायचा ते सांगायला कुणी नव्हतं.